घळीपलीकडचा विस्तव

येडशीच्या वरच्या डोंगरात माणसं दोनच, आणि त्या दोघांचंही पटत नव्हतं. घळीच्या अलीकडं सिदू धनगर, पलीकडं विधवा नागूबाई. अकरा वर्षांमागं सिदूच्या एडक्यानं नागूबाईच्या एडक्याचं शिंग मोडलं. एडके दुसऱ्या दिवशी एकाच झुडपाला तोंड लावून मोकळे झाले. माणसांना ते जमलं नाही. "तुझ्या उंबऱ्याला पाय लावीन तर बिरोबाची आण!" असं दोघांनीही ओरडून घेतलं. तेव्हापासून रोज सकाळी घळीवरून शिव्यांची देवाणघेवाण. बाकी बोलायला होतं कोण?

तिकडं दूर चाललेल्या मोठ्या लढाईपायी तालुक्याला काडेपेटी औषधालाही मिळत नव्हती. सिदू गोवरीच्या राखेत विस्तव जपायचा, पोटच्या पोरासारखा. त्या चैत्रात पहाटे गारा पडल्या. खोपीचं छप्पर फाटलं, चूल विझली आणि नेमकी तेव्हाच मेंढी व्याली. कोकरू भिजून ताठरायला लागलं. सिदूनं त्याला घोंगडीत घेतलं, मग सदऱ्यात घेतलं. पण घोंगडी ओली, सदरा ओला आणि सिदूही ओलाच.

"इस्तू मागू का गं नागूबाईला?" तो मेंढीला म्हणाला. मेंढीनं मत दिलं नाही.

उजाडल्यावर पलीकडून हाळी आली, "मुडद्या, आज धूर का न्हाय? चूल इझली व्हय?"

"तुझ्या बापाचं काय गेलं, भवाने?"

"मग कच्चं पीठ खा आन् मर!"

सिदूनं पुढच्या शिवीसाठी कान टवकारले, ती आलीच नाही. मांडीवरचं कोकरू आता हलतही नव्हतं.

तेवढ्यात पदराआड खापर धरून नागूबाई घळीत उतरताना दिसली. मधल्या खडकावर तिनं ते आदळलं. आत लालबुंद गोवरी.

"म्या दिला न्हाय, नुसता ठिवलाय! उचल, न्हायतर वारं खाईल."

आण शाबूत राहिली. सिदू दोनदा घसरला, पण विस्तव सांडला नाही. तासाभरानं कोकरानं मान उचलून आईच्या सडाला तोंड लावलं.

दुसऱ्या सकाळी खापर परत करायचं होतं. रिकामं भांडं धाडू नये, ही रीत भांडणातही सुटत नाही. कोकरू पिऊन उरलेला चीक सिदूनं त्यात भरला, खडकावर ठेवला आणि गरजला,

"खापर उचल, भवाने! माझ्या घळीत घाण नको!"

"तुझी घळ? कवापासनं रं तुझी?" पदर खोचून नागूबाई बाहेर आली.

अकरा वर्षांनी एडक्याचं शिंग मागं पडलं. भांडायला नवा विषय मिळाला.