सहीच्या जागी अंगठा
स्टँप पॅडच्या शाईचा वास आला की नव्वदच्या दशकातली इंदापूरची कचेरी आठवते. माझ्या कॉलेजप्रवेशाला जातीचा दाखला हवा होता. वडिलांनी अर्जात ‘बौद्ध’ लिहिलं होतं. “नुस्तं बौद्ध चालत न्हाय, तात्या,” म्हणत कारकुनानं त्यापुढं आमची जुनी जात लिहिली, वडिलांनी छप्पन साली सोडलेली. वडिलांनी पेन खिशाला लावलं आणि अंगठा शाईवर दाबला. “तुमाला तर सही येती की!” कारकून हसला. “येती. पर ह्या शब्दाखाली न्हाय करायची.” आमच्या गावी, निमगावला पोचेपर्यंत एसटीत ते अंगठा धोतराला पुसत होते. आता मी वर्गात ‘पुनर्वंशीकरण’ शिकवते: माणसानं पुसून टाकलेला वंशाचा शिक्का त्याच्यावर पुन्हा मारणं. मुलं उदाहरण मागतात. मी अमेरिकेतलं देते.