अकरा सेकंदांचा तुकडा

हे मी आजवर कोणालाही सांगितलेले नाही — पत्नीला नाही, दुआ मागतानाही शब्दांत मांडलेले नाही. तुम्हालाच का सांगतो आहे? कदाचित तुम्ही माझ्या आईला पाहिलेले नाही, म्हणून.

उस्मानाबादच्या शाळेत काही वर्षे शिकवून मी साठच्या दशकात जर्मनीला गेलो. तेथे एका दूरचित्रवाणी केंद्रात, चित्रफिती कापण्या-जोडण्याच्या खोलीत मी मदतनीस होतो. ती खोली अजून स्वप्नात येते — सगळा अंधार, आणि टेबलावर वीतभर उजेड. एका सेकंदाला पंचवीस चित्रे, एवढे आधी समजून घ्या. फीत उलटी फिरवली की सांडलेले दूध पुन्हा भांड्यात जाई. मला वाटे, येथे काहीही परत घेता येते.

एके दुपारी भारतातून आलेली फीत लावली. तुळजापूर. देवळाच्या पायऱ्या, आणि पायऱ्यांशी बांगड्यांची टोपली घेऊन बसलेली — माझी अम्मा. चित्राला रंग नव्हता. तरी तिच्या हातातल्या बांगड्या हिरव्या होत्या, हे त्या खोलीत एकट्या मला ठाऊक होते. कॅमेऱ्याकडे पाहून ती म्हणाली, “नुसतं काय बगता, सायेब? घ्या की डझनभर, मडमेला शोभतील!” मग हसू आवरून, हळूच — “माझा ल्योक तुमच्याच मुलखात हाय. दिसला तर सांगा, अम्मानं बोलावलंय. एकदा येऊन जा म्हणावं.”

संकलक बाईंनी मला विचारले, ही काय म्हणते?

त्या बाईंना, साऱ्या केंद्राला, मी सांगून ठेवले होते की माझे वडील निजामाच्या राज्यात मोठे अंमलदार होते. खरे काय होते? ते मणेर होते. खांद्यावर बांगड्यांच्या माळा घेऊन गावोगाव पायी फिरत.

मी म्हणालो, “विशेष काही नाही. भाव सांगते आहे.”

“मग काढून टाका.”

अकरा सेकंद. कात्री मीच लावली. त्याआधी एकदा — कशासाठी? — फीत उलटी फिरवली. शब्द एकेक करून तिच्या ओठांत परत गेले, आणि तिने काही मागितलेच नव्हते असे झाले. मग तो तुकडा टाकाऊ फितींत टाकला.

तीन वर्षांनी घरी गेलो. टोपलीतल्या बांगड्या आकाराप्रमाणे लावता लावता अम्माने विचारले, “वो गोरे साब बोले नै क्या रे तेरेकू?”

“नै, अम्मा.”

“भूल गए होंगे बिचारे,” ती म्हणाली, आणि पुढची बांगडी उचलली.

ती गेली तोपर्यंत, तिच्या लेखी, विसरले होते ते साहेबच.