बडीसर

बडीसर कुणाला फ्रेंड म्हणायचे नाहीत. ऑफिसात दिवसभर ब्रो, डूड, मेट, बेस्टी यांचा नुसता पाऊस, आणि हा माणूस त्यात छत्री उघडून बसल्यासारखा कोरडा.

इंदिरानगरच्या आमच्या कंपनीत नव्या माणसाला एक जुना माणूस नेमून देतात. त्याला म्हणायचं बडी. लॅपटॉप कुठं मिळतो, कॅन्टीनमध्ये काय खायचं नाही, कुठल्या साहेबाला दुपारनंतर भेटायचं नाही, हे सगळं बडी सांगतो. माझे बडी पन्नाशीचे, चष्मा कायम कपाळावर. मी विट्याच्या शाळेतला. तिथं मोठ्या माणसाला नुसतं नावानं हाक मारली तर कान लाल व्हायचा. एचआरच्या मॅडम म्हणाल्या, "कॉल हिम बडी." मी ताठ उभा राहिलो आणि म्हणालो, "गुड मॉर्निंग, बडीसर!" अख्खा मजला हसला. संध्याकाळपर्यंत वॉचमनसुद्धा त्यांना बडीसर म्हणायला लागला.

ते एवढंच म्हणाले, "सरी, चालेल. पण असा उठू नको रे, कॉफी सांडते."

त्यांचं घर त्याच शहरात, बनशंकरीला, आजोबांपासूनचं. त्यामुळं त्यांची मराठी घरातली आणि चवीला कन्नड. "स्वल्प थांब" हा त्यांचा सगळ्यावरचा इलाज. सर्व्हर पडला, स्वल्प थांब. पहिल्या दिवाळीला सुट्टी मिळाली नाही आणि माझे डोळे भरले, तेव्हाही स्वल्प थांब, आणि पुढ्यात दुसरा डोसा.

त्या इंग्रजी शब्दांचं त्यांचं शास्त्रच होतं. "ब्रो म्हणला की समज, तुझ्याकडं काम आहे त्याचं. डूड म्हणला तर तुझं नाव विसरलाय. मेट म्हणणारा पंधरा दिवस परदेशात राहून आलाय. आणि बेस्टी? माझ्या पोरीला विचार, दर शुक्रवारी बदलते." मी लगेच मॅनेजरच्या आवाजात, "ब्रो, क्विक फेवर, ब्रो!" बडीसर टेबल बडवून हसायचे. मग हळूच, "गप, माकडा. मागं उभा आहे तो." खरंच असायचा.

माझं प्रोबेशन संपलं आणि मेल आला: बडीची मुदत संपली. दुसऱ्या दिवशी जेवायला एकटाच निघालो, तर बडीसर लिफ्टपाशी डबा घेऊन उभे. "मेल मशिन पाठवतं रे. भूक मला लागते."

मग कंपनीनं माणसं कमी केली. त्यात तेही. कॉफीला म्हणून खाली गेले, परत येताना कार्डानं दार उघडेना. बॅग मीच नेऊन दिली. ग्रुपवर ब्रो लोकांनी जोडलेले हात पाठवले, हृदयं पाठवली. त्यांच्या खुर्चीवर आता रोज वेगळा माणूस बसतो. बडीसर देवनहळ्ळीला, बायकोच्या माहेरच्या शेतावर राहायला गेले. फोन उचलेनात. मेसेज केला की नुसता अंगठा. मला वाटायला लागलं, कंपनीनं नेमून दिलेला माणूस कंपनीनंच काढून घेतला. आपलं असं त्यात काही नव्हतंच.

शेवटी त्यांच्या पोरीकडून पत्ता घेतला आणि एका रविवारी न कळवता बस धरली. लुंगी लावून पेरूला पाणी सोडत होते. मला बघितलं आणि हातातला पाईप तसाच वाहत राहिला.

"फोन का उचलत नव्हता, बडीसर?"

"नोकरी गेलेल्या माणसानं हॅलो म्हटलं ना, तरी समोरच्याला वाटतं, आता काम मागणार." नळ बंद करून म्हणाले, "बाकीच्यांना वाटू दे रे. तुला वाटलं असतं तर मला चाललं नसतं."

जेवण झाल्यावर मी ऑफिसातल्या झाडून सगळ्यांचे आवाज काढले. हसता हसता त्यांना ठसका लागला. मग डोळे पुसले, आणि बराच वेळ पुसतच राहिले.

ऊन उतरल्यावर स्टॉपवर सोडायला आले. बस आली. मी पायरीवर पाय ठेवला तर मागून शर्ट धरला.

"ही नको. गर्दी आहे."

बसमध्ये चार माणसं होती.

"हो, खूपच," मी म्हणालो, आणि खाली उतरलो.