जैसे थे

पाणीपुरवठा खात्यातल्या त्या आरेखकाला सगळे हजरराव म्हणत. ताप असो, संप असो, स्वारी नळांचे नकाशे काढायला टेबलाशी हजर. नाकासमोर चालणारा माणूस. रजेचा अर्ज लिहायचा म्हटलं तरी याच्या जिवावर यायचं. अशाची बदली करायला कारण लागत नाही, त्याची खुर्ची कुणाला तरी हवीशी वाटली की झालं. मुदत पुरी व्हायच्या आधीच त्याला पार दुसऱ्या टोकाला, धरणावरच्या कार्यालयात टाकलं.

एकटा असता तर मुकाट्याने गेलाही असता. पण घरी आई होती. तिला आता फारसं काही आठवत नसे, आणि त्याच्याशिवाय कोणाच्याही हातून ती खात नसे. दुपारच्या सुट्टीत तो धावतपळत घरी येई आणि तिला भरवून परत जाई. सोबत न्यावी, तर तीही सोय नव्हती. थोरल्या बहिणीने, ताईने, एकदा हौसेने तिला आपल्या घरी नेलं होतं. तिथे तो भरवायला गेला तरी म्हातारीने तोंडाला कुलूप लावलं ते सलाईन लागेपर्यंत.

तो साहेबांच्या हातापाया पडला. साहेब म्हणाले, "आई सगळ्यांनाच असते." हजररावाने बदलीविरुद्ध न्यायाधिकरणात अर्ज टाकला.

"मुदतीआधीची बदली, लेखी कारण नाही. स्थगिती मिळेल," वकीलबाई म्हणाल्या. "सुनावणीपर्यंत घरीच थांबा. हवं तर आजारी पडा."

इथेच माशी शिंकली. आजारी पडा म्हणजे खोटं लिहा! आदेश मोडून न्यायाधीशांपुढे कोणत्या तोंडाने उभं राहायचं? आपण शिस्तीत राहिलो तर न्यायही सरळ मिळेल, असं या भल्या माणसाला वाटलं. असल्या भलेपणाला दोन थोबाडीत ठेवून द्याव्यात. ताईला घरी बोलावून, आईला तिच्यावर सोपवून तो बसने धरणावर गेला, रुजू झाल्याची सही केली. वकीलबाईंना कळवायचं त्याच्या डोक्यातही आलं नाही. नोकरदार माणूस रुजू झाला, यात सांगण्यासारखं ते काय?

सुनावणीच्या दिवशी हजरराव धरणावरून थेट कोर्टात आला. वकीलबाई जीव तोडून बोलल्या. न्यायाधीशही मान डोलवत होते. मग सरकारी वकील उठले.

"साहेब, अर्जदार तर नव्या जागी रुजूही झालेत."

"मग आता स्थगिती कशाला?" न्यायाधीश म्हणाले. "पुढच्या तारखेपर्यंत जैसे थे."

जैसे थे! हजररावाचे डोळे भरून आले. जसं होतं तसं. म्हणजे आपलं टेबल, दुपारची सुट्टी, घर, आई. बाहेर येताच त्याने हात जोडले.

"बाई, माझ्या आईला वाचवलंत!"

वकीलबाईंनी कपाळाला हात लावला. "अहो, जैसे थे म्हणजे आज जिथे आहात तिथेच. आज तुम्ही धरणावर आहात! रुजू व्हायला कोणी सांगितलं होतं तुम्हाला?"

"कोर्टापुढे बेशिस्त दिसायला नको, म्हणून..."

"निदान मला एक फोन करायचात हो." त्यांचा आवाज उतरला होता. पुढची तारीख सुट्ट्यांनंतरची पडली होती. हजरराव तिथल्या पायरीवर बसला आणि लहान मुलासारखा रडला. येणारेजाणारे त्याला वळसा घालून जात राहिले.

परतीच्या बसला अवकाश होता, म्हणून तो घरी धावला. ताईने दार उघडलं ते डोळे पुसतच.

"पाणी तेवढं जातंय रे चमच्याने. डॉक्टर म्हणतात, आता दवाखान्यात हलवा."

त्याने हात धुतले, वाटी घेतली आणि आईच्या पलंगावर बसून घास पुढे केला. आईने त्याच्याकडे निरखून पाहिलं, अंगावरची चादर नीट केली आणि तोंड फिरवलं.

"आई, अगं मी आलोय. तुझा मुलगा. ऑफिसातून आलोय."

"कशाला म्हातारीची थट्टा करता?" आई म्हणाली. "त्याची बदली झालीय हो. लांब."