चाळीस वेढे

वाद्यवृंदातले मरिंबावाले काका माझ्या वरच्या मजल्यावर राहतात. मरिंबा म्हणजे लाकडी पट्ट्यांचं, जेवणाच्या टेबलाहून लांब वाद्य. पट्ट्यांखाली नळ्या असतात. वाजवायच्या काठीच्या टोकाला रबराचा गोळा, त्यावर लोकर. ती लोकर मी गुंडाळायचो.

"पदवीधर, चाळीस वेढे. मोजता येतात ना, की नुसत्या कविताच?" काका मला चिडवायचे.

खर्जाच्या लांब पट्ट्यांना जाड, मऊ गोळा लागतो. मध्यावर मारायचं, हात लगेच उचलायचा. दोरी ओवलेली असते तिथे मारलं तर पट्टी मुकी. सूर लांबवायचा तर दोन काठ्या आलटून पालटून, इतक्या हलक्या की ठोका कळू नये.

गेल्या वर्षी काका कमी वेढे सांगू लागले. तीस. मग वीस, घट्ट. वेढे कमी, तेवढा गोळा टणक आणि ठोका मोठा.

"सगळं गुळमुळीत वाजतंय," काका म्हणाले. "हल्ली लोकरच धड मिळत नाही."

मी लोकर बदलली.

काकू चहा ठेवताना म्हणाल्या, "टीव्ही असा लावतात, की तुला खाली बातम्या पाठ झाल्या असतील."

मी हसलो. आमच्याकडे बघून काकाही हसले.

परवाच्या तालमीला मी मागे बसलो होतो. काकांचा एकट्याचा भाग सुरू होता. सगळ्यात लांब पट्टीवर बारा वेढ्यांचा गोळा पडला आणि पट्टी तडकली. ते बारा मीच मोजले होते. पुढचा प्रत्येक ठोका फुटक्या मडक्यासारखा आला. माना वर झाल्या. काका डोळे मिटून शेवटपर्यंत वाजवत राहिले. मग डोळे उघडून हसले.

वाद्यवृंदाच्या संचालकांनी तड्यावर बोट ठेवलं. "कधीपासून ऐकू येत नाही?"

काकांनी त्यांच्या ओठांकडे पाहिलं. "वर्ष झालं. एवढा कार्यक्रम होऊ द्या. मग मीच जातो."

कार्यक्रमाला दुसरा वादक ठरला.

ती पट्टी काकांनी घरी आणली. काल दोन्ही टोकांच्या भोकांपाशी चिमटीत धरून माझ्यासमोर केली. "मार."

मी चाळीस वेढ्यांची जुनी काठी घेतली. मध्यावर मारलं, हात उचलला. खरखरीत, बसका आवाज निघाला.

"बोटांना थरथर लागते," ते म्हणाले. "अजून गोड आहे ना?"

ते माझ्या ओठांकडे बघत होते.

"हो," मी म्हणालो.