वादग्रस्त वावर

कापूस वेचताना ओटी कधी भरते ते कळत नाही. कचेरीत खेटे घालतानाही तसंच! जायचं एका सहीसाठी, यायचं ओटीभर किस्से घेऊन.

आमचा जिल्हा तेव्हा मध्यप्रदेशात होता. पुलगावकडची आमच्या गावाची वावरं, म्हणजे शेतं, सरकारला हवी होती. त्यात एक माझं. नवरा वारल्यापासून मीच ते वाहत होते, पेरत होते. मोबदल्याची गोष्ट निघाली आणि माझे दीर गणपतराव म्हणाले, "वावर माहं हाये. मीच वाह्यतो!"

वावर जाणारच होतं. पण जाताना ते कोणाचं म्हणून जाणार? त्यासाठी मी वर्ध्याच्या कचेरीची पायरी धरली.

*

नोटीस आली, 'हितसंबंधी व्यक्तींनी हजर राहावे.' आमच्याकडे संबंधी म्हटलं की समधीच आठवतो. गावातल्या तुळशीरामनं थेट हिंगणघाटहून व्याह्याला बोलावून घेतलं!

कचेरीतल्या मोबदल्याच्या साहेबांनी विचारलं, "हे कोण?"

"समधी, साहेब. पोरीचे सासरे. तुमीच बोलावलं ना!"

फेटा बांधून आलेला व्याही आधीच घुश्शात होता. म्हणाला, "बोलावलं तं बोलावलं, पानसुपारी काऊन नाई?"

*

म्हातारा महादा साहेबांपुढे उभा.

"तुमच्या वावराच्या चतुःसीमा सांगा."

"पूर्वेले भाऊ. त्याच्यासंग बोलणं नाई. पश्चिमेले चुलता. त्याच्यासंगबी नाई. उत्तरेले भाचा, त्याचं तं नावच काढू नका."

"आणि दक्षिणेला?"

"नाला हाये साहेब. त्याच्यासंग बोलतो."

*

शाळा मी बाहेरूनच पाहिली. अक्षरं शिकले किराण्याच्या पुड्यांवर. गूळ संपला की कागद माझा!

गणपतरावांच्या वकिलाला हे ठाऊक नव्हतं. त्यानं शाईचा पॅड पुढे सरकवला. "बाई, इथं अंगठा लावा."

मी म्हटलं, "अंगठा तुमाले दाखवाले ठेवला हाये. पेन द्या!"

*

गणपतरावांनी साक्षीदार आणला. केसाला तेल, अंगात नवा सदरा.

"हे वावर कोण वाहतं?"

"गणपतराव!"

"गेल्या साली काय पेरलं होतं?"

साक्षीदारानं गणपतरावांकडे पाहिलं. गणपतरावांनी छताकडे पाहिलं.

"साहेब," तो म्हणाला, "इथवरच सांगतलं होतं मले."

*

एवढं होऊनही साहेब माझ्या वावराला 'वादग्रस्त वावर'च म्हणत. शेवटी मी बोलले, "साहेब, वावर कोणासंग भांडत नाई. भांडून राह्यलो आमी."

साहेब हसले. आणि कारकुनाला म्हणाले, "लिहा, वादग्रस्त वावराची पाहणी सोमवारी."

*

सोमवारी साहेबांची जीप गावाबाहेर काळ्या मातीत रुतली. गणपतराव बैलबंडी घेऊन तयारच!

"बसा साहेब. घरचे बैल हायेत. त्याच वावरात राबून म्हातारे झाले!"

साहेब बंडीत बसले. मी मागून पायी.

पुढे वाट फुटते. डावीकडे माझं वावर. उजवीकडे, नाल्याकाठी, गणपतरावांचं दुसरं वावर. त्याबद्दल कोणाचा वाद नव्हता.

फाटा जवळ आला तसे साहेब म्हणाले, "गणपतराव, कासरा सैल सोडा. रोजची वाट आहे ना? बैलच नेतील."

गणपतरावांनी घसा खाकरला. कासरा सोडला. बैल डौलानं उजवीकडे वळले आणि नाल्याकाठच्या वावराच्या धुऱ्याशी, बांधाला लागून, उभे राहिले. एकानं तर तिथं निवांत रवंथ सुरू केला.

"भाऊजी," मी म्हटलं, "बैलाईले पढवाचं राह्यलं काय?"

"माश्या चावून राह्यल्या त्याईले!" गणपतराव म्हणाले.

साहेब खाली उतरले. बुटाचा चिखल धुऱ्याच्या दगडाला पुसला. मग माझ्याकडे वळले.

"चला बाई, तुमचं वावर दाखवा."