नवसीने नाकारलेला एक जून

आमच्याकडे मोळी घेऊन येणारी नवसी बारवी नदीच्या अंगाच्या ठाकरवाडीवरची. कुळगावात तिला सगळे ओळखत, कारण ती भाव एकदाच सांगायची आणि मग तोंड मिटून उभी राहायची. समोरची बाई कितीही घासाघीस करू दे. एकदा रानशिपायाने तिचा कोयता हिसकावून नेला, तर ही त्याच्या दारात जाऊन बसली. त्याच्या बायकोने चहा पुढे केला, तो घेतला नाही. कोयता घेऊनच उठली. नवरा साप चावून गेलेला. पदरात एकुलती एक देऊ.

१९५५च्या जूनमध्ये मी माझ्या वृंदाचं नाव शाळेत घालायला गेले, तेव्हा नवसीही देऊला घेऊन आली होती. त्या वाडीवरून मुलीला शाळेत आणणारी ती पहिलीच. देऊच्या केसांना एवढं तेल चोपडलं होतं की कपाळावर ओघळ आले होते. मला वृंदाचीच धाकधूक, घर ते शाळा चार गल्ल्यांची वाट असूनही. ही पोर तर रान तुडवत, ओढा ओलांडून येणार होती.

आमच्या चिंतामणी मास्तरांना दिनविशेषांचं वेड. रोज फळ्यावर त्या तारखेला पूर्वी काय घडलं ते लिहायचे आणि खड्या आवाजात वाचायचे. त्या दिवशी लिहिलं होतं, ‘६ जून १६७४. रायगडावर शिवछत्रपतींचा राज्याभिषेक.’ ते वाचून झालं, वृंदाचं नाव लागलं, मग मास्तर देऊकडे वळले. नाव लिहिलं आणि नवसीला काही न विचारताच पुटपुटले, “जन्म, एक जून एकोणपन्नास.”

“एक जून कुनी सांगितला?” नवसी म्हणाली.

“अगं, वाडीवरच्या सगळ्यांचा तोच लिहितो आम्ही. तुम्हाला तारखा कुठे ठाऊक असतात?”

“सगल्यांचा? म्हंजे वाडीतल्या साऱ्या बाया एकाच दिशी बाळंत? सुईण मेली असती धावून धावून!”

शाळेच्या पडवीतल्या बायका फिस्सकन हसल्या. मास्तरही हसले. “बरं, तू सांग. कधी झाली?”

“कल्यान छावणीला नवं नाव दिलं त्या दिशी. दिल्लीचा मोठा साहेब आलेला. दगुड बसवला.”

मास्तरांना तारीख शोधावी लागली नाही. “म्हणजे आठ ऑगस्ट. बेचाळीस साली मुंबईत छोडो भारतचा ठराव झाला, तीच तारीख. आणि एकोणपन्नासला सिंधी निर्वासितांच्या त्या छावणीचं उल्हासनगर झालं.”

“आन माजी देऊ झाली.”

“झाली ना, पण नवसे, नीट ऐक. आठ ऑगस्ट लिहिलं तर हिला सहा वर्षं पुरी होत नाहीत. यंदा घेता येणार नाही. एक जून लिहिलं तर आत्ता वर्गात बसेल.”

मी तिला बाजूला घेतलं. “ऐक माझं. दोन महिन्यांचा तर फरक. पोरीचं वर्ष जाईल. आणि एकदा शेळ्यांमागे लागली की पुन्हा येते का शाळेत?”

“वहिनी, तुमच्या वृंदाचा दिस कुनी बदलला का?”

मी वृंदाकडे पाहिलं.

“त्या दिशी मी थितं माती टाकत होते,” ती सावकाश सांगू लागली. “पोट दुखाया लागलं. मुकादम बोलला, साहेब येतोय, बायांनो मागं व्हा, दिसू नका. बराकीच्या मागं पोर झाली. एका सिंधी म्हातारीनं आपली ओढणी फाडून तिला गुंडाळली. ‘लक्ष्मी आई है’ बोलली. पुढं टाळ्या वाजत व्हत्या. तवा बी आमाला मागं ढकललं, आता बी ढकलता? तो दिस माज्या पोरीचा हाय. लिवायचा तर तोच.”

मास्तरांनी देऊचं नाव खोडलं. नवसी पोरीचा हात धरून पायऱ्या उतरली. देऊ मान वळवून वळवून वर्गाकडे बघत होती, ते मला पाहवेना.

गावात टिंगल झाली. “नवसीच्या पोरीला दिल्लीचा मुहूर्त लागतो!” देऊ त्या वर्षी शेळ्यांमागे गेली. नवसी मोळी टाकायला आली की मी विचारायची, “पुढच्या वर्षी नक्की ना गं?” ती म्हणायची, “तुमी कशाला झुरता?” पण झुरल्याशिवाय मला राहवेना. त्या हिवाळ्यात वाडीवर ताप आला. दोन मुलं गेली. पुढे कितीतरी दिवस नवसी फिरकली नाही, आणि मी मनातल्या मनात देऊलाही गेलेल्यांत मोजून टाकलं.

पुढच्या जूनमध्ये शाळा उघडली, त्या सकाळी मी मुद्दाम पडवीत थांबले. नवसी आली. देऊ तापाने वाळली होती, पण चालत आली होती.

“जन्मतारीख?” मास्तरांनी सवयीने विचारलं.

“तुमाला ठावं हाय.”

मास्तरांनी लिहिलं आणि मोठ्याने वाचलं, “आठ ऑगस्ट एकोणीसशे एकोणपन्नास.” नवसीने त्यांना ते पुन्हा वाचायला लावलं.

तेवढ्यात मागून वाडीवरचा सुकऱ्या पुढे झाला. बाजूला त्याचा पोरगा चंदर, त्याच्यामागे वाडीवरचीच सरू आणि तिची दोन पोरं. “मास्तर, माज्या पोराला बी एक जून नको.”

“मग कधीचा?”

“लावणी चाललेली. अवसेच्या दुसऱ्या दिशी.”

“कुठल्या सालची लावणी?”

सुकऱ्या नवसीकडे बघू लागला.

“माज्याकडं काय बघतोस? बायको सांगंल तुजी. बोलव तिला,” नवसी म्हणाली. “आन मास्तर, जुनी पंचांगं असतील ना घरी? मागवा.”

मास्तरांनी कपाळाला हात लावला. “नवसे, आज शाळा भरवायची आहे की नाही मला?”

“भरवा की! पोरं आलीत नव्हं.”